पाठीवरचा डबा

मुलांनो, डोळे मिटा आणि आता बुजवलेली आपल्या मळ्यातली विहीर मनातल्या मनात पुन्हा पाण्यानं भरा. काठावर नऊ वर्षांची शेवंता उभी आहे, पाठीला तेलाचा रिकामा डबा बांधून. अख्ख्या गावाला पोहायला शिकवणाऱ्या तिच्या आबांचा नियमच होता, पोहता येत नाही तोवर डब्याशिवाय उडी नाही.

आबा एरवी दारूला शिवत नसत. धुळवडीला मात्र मित्रांच्या पैजेपायी एका बैठकीत अख्खी बाटली संपवत. त्या दुपारी रंग धुवायला सगळे विहिरीवर आले, तेव्हा आबांचे पाय लटपटत होते.

“आबा, आज नको ना!”

“अगं, झोपेतसुद्धा तळ गाठीन मी!”

“मार सूर, वस्ताद!” मित्र ओरडले.

मागच्या उन्हाळ्यात ज्या हातांनी तिला पाण्यावर अलगद तोलून धरलं होतं, त्या हातांना आज कठडाही सापडेना.

शेवंतानं पाठीवरचा डबा सोडला आणि सगळ्यांदेखत आबांच्या पाठीला बांधायला घेतला. “आज तुम्हाला पोहता येत नाही, आबा.”

मित्र हसले. आबा हसले नाहीत. पायरीवर बसले आणि पाठ तिच्याकडे केली. शेवंतानं दोरीला आणखी एक गाठ मारली.