खडकाआडचा तास

घडीची खुर्ची बगलेत मारून प्रणाली काळ्या खडकापाशी थांबली. त्या किनाऱ्यावर खडकाआड तासभर बसलं, की बाहेर नऊ महिने उलटत. नवरे बोटीवर गेले, की गावातल्या बायका तिथे जाऊन बसत. थोडं विणकाम, कपभर चहा, की नवरा दारात हजर. खडकाचा याहून मोठा उपयोग असेल, असं कुणाला कधी वाटलं नाही. तान्ह्या पोरांना मात्र तिथे नेत नसत. वाढ खुंटते म्हणत.

प्रणालीचा नवरा सकाळीच बोटीवर गेला होता. पाच महिन्यांची लेक सासूबाईंच्या कडेवर होती.

“जाऊ ना आई? सांभाळाल ना हिला?”

“सांभाळीन गो. जा खुशाल. मीसुद्धा बसले होते. तुझा नवरा एवढाच होता, त्याला शेजारणीकडे ठेवला.”

“मग?”

“मग काय! उठून परत आले, तर अंगणात एक पोर तुरुतुरु चालत होतं. मला बघून घाबरलं आणि तिच्या पदराआड लपलं.” सासूबाईंनी नातीचं टोपडं सारखं केलं. “शेजारीण त्याला म्हणाली, अरे, ही आई.”

प्रणालीने लेकीला जवळजवळ हिसकावूनच घेतलं.

घर दहा मिनिटांवर होतं. लेक वाटभर रडली, आईच्या खांद्यावर ओकली. हा पहिलाच दिवस होता. अजून दोनशे एकोणसत्तर उरले होते, आणि त्यातला एकही सोडायची प्रणालीची तयारी नव्हती.