कच्चे टाके

"बाही एका हिसक्यात हातात आली पाहिजे," दिग्दर्शकाने बजावलं. वेशभूषाकार ताईंना हे सांगायची गरज नव्हती. सिनेमा असो की मालिका, खलनायकाने ओढताच फाटणारे कपडे शिवावेत ते त्यांनीच. अख्खी कारकीर्द खांद्याला कच्चे टाके घालण्यात गेली होती.

ट्रायलला नव्या नायिकेने विचारलं, "ताई, या सीनमध्ये मी काय करायचं?"

"ओरडायचं."

"एवढंच?"

ताईंनी ड्रेस तेवढा परत मागून घेतला.

शूटिंग सुरू झालं. खलनायकाने हिसका दिला, बाही जागची हलली नाही. त्याने दात-ओठ खाऊन पुन्हा ओढली, तेव्हा हात निसटून तोच टीपॉयवर उताणा पडला. नायिका ओरडायचं विसरून त्याच्याकडे बघत राहिली.

"एवढ्या वर्षांत पहिल्यांदा चुकलात, ताई," दिग्दर्शक चरफडला. "जाऊ दे, रिटेकचे ड्रेस आणा."

ताईंनी उरलेले तिन्ही ड्रेस आणून त्याच्या मांडीवर ठेवले.

"घ्या. कुठलाही ओढून बघा."