दोन हशांच्या मध्ये

टीव्हीची पेटी हसली, बाया हसल्या आणि मागोमाग धुरपदाबाईही हसली. डोळ्यांत मोतीबिंदू उतरलेला, त्यामुळे तिला टीव्ही म्हणजे नुसता उजेड दिसायचा. लोक हसले की विनोद झाला, एवढं तिला कळे.

सुरतेला कामाला असलेल्या लेकानं आणून ठेवलेला हा टीव्ही पारोळ्याच्या त्या गल्लीत एकुलता एक. शुक्रवारी विनोदी मालिका लागली की घर भरायचं, संपली की रिकामं. एरवी आठवडाभर सगळ्या कापूस वेचायला गेलेल्या. आणि दारोदार जाऊन कोणाची मनधरणी करणं धुरपदाबाईला जन्मात जमलं नव्हतं.

उद्या धुळ्याला ऑपरेशन होतं. डॉक्टरांनी बजावलं होतं, सोबत माणूस नसेल तर येऊच नका. दोघींपुरत्या दशम्या दुपारीच बांधून झाल्या होत्या. दुसरी कोण, तेवढं विचारायचं राहिलं होतं.

"उद्या मना डोयानं ऑपरेशन शे, धुयाले कोन..."

पेटी खदखदली. बाया एकमेकींच्या अंगावर कोसळल्या. एक हसू विरतंय म्हणून तिनं तोंड उघडावं, तोच दुसरं. या मेल्यांना विनोद करताना दमही लागत नाही. जात्याचा एक फेरा व्हावा एवढीसुद्धा उसंत नव्हती.

तिनं वाक्य छाटलं. डोळे वगळले, ऑपरेशन वगळलं. "उद्या धुयाले कोन..." पुन्हा हशा. मग तिनं धुळंही वगळलं आणि आवाज ओसरताच घाईनं म्हणाली, "उद्या कोन येस?"

शेजारच्या कमलबाईनं पडद्यावरची नजर न काढता उत्तर दिलं, "उद्या कसं काय, अक्का? हाई मालिका ते शुक्रवारलेच लागस ना."

पेटी हसली. धुरपदाबाईही हसली. पुन्हा विचारायचं बळ मात्र तिला आलं नाही.

मालिका संपली. बाया पोरं काखोटीला मारून चुलीकडे पळाल्या. कमलबाई उंबऱ्यात थबकली.

"अक्का, काही सांगत व्हत्यात का?"

"काही नही व. दशम्या जास्ती व्हई ग्यात. पोऱ्यासले ली जाय."

तिनं अख्खं गाठोडं पुढे केलं. कमलबाईनं ते हातावर तोललं.

"ह्या ते दोन जनीस्न्या शेतस, अक्का."

धुरपदाबाई हसली. ती हसली म्हणून मग कमलबाईही हसली.