आईच्या मोबाइलवरचा फोटो

सकाळी अकरा वाजता दहावीचा निरोप समारंभ सुरू झाला. मुली आयांच्या साड्या नेसून आल्या होत्या. मैथिलीने कावेरीला वर्गाच्या दारात उभं केलं आणि मोबाइल समोर धरला.

"पदर सावर की, काकूबाई!"

"लवकर काढ गं, यशपाल बघतोय."

"बघू दे. त्याच्यासाठीच तर स्टेटसला ठेवतेय."

यशपालचा लाल बदाम लगेच आला आणि दोघी एकमेकींच्या खांद्यावर डोकं टेकून हसल्या. मोबाइल मैथिलीच्या आईचा आहे, हे दोघींच्याही ध्यानात राहिलं नाही. दुपारपर्यंत आईच्या बचत गटातल्या बायकांनी फोटो पाहिला. त्यांत कावेरीची मामी होती. "पोरगी लग्नाची झाली की!" म्हणत तिने तो एका स्थळाकडे धाडला.

रविवारी पाहुणे आले. पंधरा वर्षांची कावेरी त्यांना पसंत पडली.

"तू काढलेला फोटो बघूनच आले ते," कावेरी दुसऱ्या दिवशी म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, तेच मैथिलीला सोसवेना.

"त्यांच्या घरातलं आहे, आपण पडायचं नाही," आईने बजावलं. तरीही मैथिलीने बाईंना सगळं सांगितलं. बाईंनी चाइल्डलाइनला फोन लावला.

आज पहिला पेपर आहे. घंटा झाली, उत्तरपत्रिका वाटून झाल्या, कावेरीचं बाक रिकामं आहे. तिच्या घराला पहाटेपासून कुलूप आहे. मामाची जीप कुणीकडे गेली, ते शेजाऱ्यांनी अजून सांगितलेलं नाही.