कावळ्याचा शॉट

घाटावर माझ्या हार घातलेल्या फोटोसमोर पिंड मांडला होता. फोटोतला मेलेला बाप, म्हणजे मी, शेजारीच भजी खात बसलो होतो. आजवर प्रत्येक सिनेमात मी असंच भिंतीवरून काम केलंय.

सकाळपासून कावळा काही शिवेना. दिग्दर्शक घायकुतीला आला. मेकअपवाली म्हणाली, "अहो, इच्छा राहिली असेल. विचारा की काकांना."

त्यानं वैतागून हात जोडले. "बोला, काका."

"पुढच्या सिनेमात मला जिवंत ठेव."

"ठेवतो."

लगेच कावळ्यानं पिंडाला चोच मारली. कॅमेरामन मात्र आमच्याकडेच बघत होता. शॉट हुकला.

दिग्दर्शक माझ्यासमोर उकिडवा बसला. "काका, आणखी काही इच्छा?"

मी सावकाश हात पुसले. "आता डायलॉगचं बोलू."