एवढंसं अक्षर

औंढ्याच्या देवळात बुवांचं कीर्तन रंगात आलं होतं. "मा! एवढंसं अक्षर, पण पसारा केवढा! संस्कृतात मा म्हणजे नको. मा म्हणजे लक्ष्मीसुद्धा. सिंगापूरच्या लढाईवरून आलेला एक शिपाई सांगत होता, चिनी माणूस म्हणे घोड्याला मा म्हणतो! पण लेकरानं 'मा' म्हणून हाक मारली ना, की देवही वळून बघतो."

सगळे हसले, डोलले. खांबाआड बसलेल्या गोजरबाईच्या काळजात मात्र चर्र झालं. तीन लेकरं गेल्यावर झालेल्या चौथ्याचं नाव तिनं दगडोबा ठेवलं होतं. काळाची नजर चुकावी म्हणून सूपभर जोंधळ्यावर तांड्यातल्या रूपाबाईला त्याला रीतसर विकलंही होतं. लेकरू वाढत होतं गोजरबाईच्याच घरात, पण आईला म्हणायचं 'बाई'. कधी चुकून 'मा' निघालंच, तर ती त्याच्या ओठांवर हात ठेवायची. "असं म्हणू न्हाई, राजा. देव ऐकतो अन् लेकराला घेऊन जातो."

पाचव्या वर्षी, श्रावणात, दगडोबाला ताप भरला. चौथ्या दिवशी सकाळी वैद्यानं नाडी बघितली आणि औषध न देताच तो बाहेर निघून गेला. गोजरबाईनं लेकराला मांडीवर घेतलं.

"आता म्हण रे, सोन्या. एकदा तरी मला मा म्हण."

दगडोबानं कशीबशी मान हलवली.


"न्हाई, बाई. मला तुझ्यापाशीच ऱ्हायचंय."