आंबटाचं खूळ

सकाळी अकरा वाजता सोनियाने दोन लिंबं आणि एक मोसंबी पिळली. लोणच्याच्या रिकाम्या बरणीत तो रस, शेंगतेल, मीठ आणि मिरपूड घालून तिने बरणी खुळखुळ हलवली. आठवडाभर रोज हेच चाललं होतं. लग्नाला सहा वर्षं होऊनही सुनेची कूस उजवली नव्हती. त्यामुळे धोंडुबाईंना आता डोहाळ्यांचा दाट संशय आला.

"आंबट खावंसं वाटाय लागलंय व्हय गं? कितवा म्हयना?"

"काय तरीच आत्याबाई! काकडी-गाजरावर घालायचं ड्रेसिंग हाय ह्ये."

"चार लेकरं झाल्यात मला. मला नगं शिकवू!"

सोनिया हसत वाडग्यात काकडी चिरायला लागली. पोरगी दृष्ट लागंल म्हणून लपवतीय, असं ठरवून धोंडुबाईंनी दुपारपर्यंत गल्लीत चार घरी कुजबुजूनही टाकलं. मग सोनिया वाडगा घेऊन आतल्या खोलीत गेली, तेव्हा खाताना रंगेहाथ धरावी म्हणून त्या दबक्या पावलांनी मागोमाग गेल्या.



वाडगा चाटूनपुसून खात होती त्यांची धाकटी लेक राणी, आणि राणीची हळद येत्या रविवारी होती.